भोंग्याचा तिसरा पुकारा

भोंगा आणि त्याची बायको यांची पहिली भेट झाली तेव्हा दोघांच्या मध्ये कोर्टाचा जिना, एक रस्ता, अख्खा भाजीबाजार आणि मामाची शेळी एवढा पसारा होता. खटला शेळीचाच होता. शेजाऱ्याचं म्हणणं, शेळीनं माझ्या घराचे कागद खाल्ले. मामाचं म्हणणं, कागद उडून शेळीकडे आले, शेळी कागदांकडे गेली नाही. साक्षीला मामाची भाची. आपल्याला अजून वेळ आहे असं पाहून भाची समोरच्या बाजारात मिरच्या घ्यायला गेली, आणि तेवढ्यात भोंग्यानं व्हरांड्यात येऊन तिचं नाव पुकारलं.

पुकारलं म्हणजे काय, ते त्या दिवशी तिथं असलेल्यांनाच विचारावं. कोर्टाच्या छपरावरची कबुतरं उडाली ती आठवडाभर परतली नाहीत. समोरच्या न्हाव्याचा हात हलला आणि एका भारदस्त गिऱ्हाइकाला पुढचे कित्येक दिवस अर्ध्या मिशीवर काढावे लागले. जिन्याखाली डुलकी घेणारा एक आरोपी 'कबूल आहे, कबूल आहे' म्हणत ताडकन उठला. कैक वर्षं फरार असलेला एक इसम बाजारात वांगी निवडत होता; तो 'आता लपण्यात अर्थ नाही' म्हणून आपण होऊन पायऱ्या चढू लागला. त्याला ढकलून भाची पुढं आली, धापा टाकत, पिशवीतून मिरच्या गळताहेत अशी.

"आले, आले! बहिरी नाही मी!"

"अजून दोन हाका बाकी आहेत," भोंगा म्हणाला. नियम म्हणजे नियम.

"मग मारा की. तुम्हाला कोणी अडवलंय?"

उरलेल्या दोन हाका भोंग्यानं वाया घालवल्या नाहीत. एक मामाच्या दारात जाऊन मारली, आणि दुसरी लग्नानंतर रोज सकाळी चहासाठी मारू लागला. खटला शेळी जिंकली.

भोंगा हे अर्थातच त्याचं नाव नव्हे. पण कोर्टात साहेबांपासून चहावाल्यापर्यंत सगळे त्याला तसंच म्हणायचे, आणि त्यालाही त्याचा राग नव्हता, उलट बढती मिळाल्यासारखं वाटायचं. कोर्टातला पट्टेवाला. पाणी भरणं, फायली वाहणं, साहेबांचा काळा डगला झटकून ठेवणं ही कामं इतर पट्टेवालेही करत. पुकारा मात्र त्याचाच. खटल्याची पाळी आली की व्हरांड्याच्या दारात उभं राहायचं, माणसाचं स्वतःचं नाव, बापाचं नाव, आडनाव असं पूर्ण घ्यायचं, तीनदा घ्यायचं, मध्ये थांबायचं. माणूस आला तर आत सोडायचं. नाही आला तर आपण आत जायचं, मान तुकवायची आणि म्हणायचं, "कोणी हजर नाही." मग साहेब लेखणी उचलत. त्या तीन शब्दांवर माणसांची घरंदारं गेलेली भोंग्यानं पाहिली होती.

म्हणून तो तिसरी हाक लांबवायचा. खालच्या पायरीवर एखादा म्हातारा काठी टेकत असला, एखादी लेकुरवाळी पोर कडेवर सावरत असली, तर भोंगा आडनावाचं शेवटचं अक्षर धरून ठेवायचा, माणूस वर येईपर्यंत. एकदा एका दमेकऱ्यासाठी त्यानं ते इतकं ताणलं की दमेकरी धडधाकट वर पोचला आणि भोंग्यालाच खुर्ची द्यावी लागली.

त्याचं एक तत्त्वज्ञान होतं. ते तो चहाबरोबर फुकट देई. "माणसाला पूर्ण नावानं जन्मात दोनच ठिकाणी बोलावतात. शाळेत हजेरीला आणि इथं पुकाऱ्याला. बाकी सगळीकडं नुसतं ए, ओ, अरे. इथं माझ्या दारात भिकाऱ्यालासुद्धा बापाचं नाव परत मिळतं."

आणि अशा माणसाच्या घरी चिमणी जन्माला आली.

दवाखान्याच्या खोलीबाहेर भोंगा कान टवकारून उभा होता. आपलं पोर, म्हणजे खिडक्यांच्या काचा सांभाळा, असं त्यानं वॉर्डबॉयला आधीच बजावून ठेवलं होतं. नर्स बाहेर आली, मुलगी झाली म्हणाली.

"रडली का?"

"रडली की."

"कधी?"

चिमणीचा आवाज दाराच्या नव्या बिजागरीएवढा होता. तेल घातलेल्या. ती बोलायची, हसायची, भांडायचीसुद्धा, पण सगळं कसं उशीखाली घड्याळ ठेवल्यासारखं. भोंग्यानं उपाय करून पाहिले. तो गल्लीच्या टोकाला जाऊन उभा राहायचा आणि तिला दारातून हाक मारायला लावायचा. तिचे ओठ हलताना त्याला दिसत.

"मारलीस का?"

पोर मान डोलवी. आई आतून ओरडे, "मारली तिनं! मला आली ऐकू. तुमचेच कान तुमच्या आवाजानं गेलेत, त्याला ती काय करणार?"

हे खरं असावं. घरात मायलेकी दिवसभर कुजबुजत असत आणि भोंग्याला जे कळवायचं ते आई मोठ्यानं कळवी. कोर्टात परमुलखातल्या साक्षीदाराला दुभाष्या देतात, तसं.

एका संध्याकाळी भोंगा कामावरून आला तेव्हा चिमणी जमिनीवर पालथी पडून अभ्यास करत होती. पेन्सिलीला चिंधी गुंडाळलेली.

"ही चिंधी कशाला गं?"

तिचे ओठ हलले. आई म्हणाली, "पेन्सिल टोचते म्हणते."

"पेन्सिल टोचते? लिहिणाऱ्याच्या हातात? उलटी धरतेस की काय?" असा विनोद करून भोंग्यानं तिचा हात धरला, आणि त्याचा विनोद तिथंच राहिला. बोटांच्या टोकांची कातडी उकडलेल्या बटाट्यासारखी सुटत होती. खाली गुलाबी, ओलं. नखांच्या कडा पिवळ्या पडलेल्या.

चिमणी आईकडे बघून बोलू लागली. आई एकेक वाक्य त्याला देत गेली, आणि देता देता आईचाच आवाज चिमणीएवढा होत गेला.

"ती म्हणते, पाळी असते. शाळेत. सेवेची पाळी... संडास घासायची... ॲसिड टाकून घासायचं, मग पाणी... ती म्हणते, खोकला त्याच्या वाफेनं येतो. सर्दीचा नाही तो."

"सगळ्या मुली घासतात?"

चिमणीनं मान हलवली.

"ती म्हणते, ज्यांचं वाचन ऐकू येत नाही त्या."

शाळेची हकिगत अशी होती. शाळेतली सफाईवाली म्हातारी निवृत्त झाली आणि तिच्या जागी कोणी आलं नाही. मुख्याध्यापिका, म्हणजे मोठ्या बाई, यांनी ती जागा एका संस्कारानं भरून काढली. 'सेवासंस्कार' असं ठळक अक्षरात भिंतीवर रंगवून घेतलं. नियमाप्रमाणे संस्कार सगळ्या मुलींवर व्हायचा. पण डॉक्टरच्या मुलीला धुळीचं वावडं निघालं, दुकानदाराच्या मुलीचं गाणं होतं, आणखी कोणाचं आणखी काही. असं गाळता गाळता खाली राहिलेल्या मुलींवर सगळा संस्कार एकवटला. तो करायला वेळ कुठला? तर वाचनाचा तास. मोठ्या बाई स्वतः वाचन घेत. चिमणी उभी राही, वाचू लागे. "ऐकू येत नाही," बाई म्हणत. चिमणी पुन्हा वाची. "ऐकू येत नाही. तुझाही वेळ जातो, आमचाही. जा, पाळीला जा." ज्यांना वाचता येत नाही त्यांनी वाचनाच्या तासाला बसून काय करायचं, अशी ती विचारसरणी होती. पोहता न येणाऱ्यानं पाण्यात का जावं, त्यातली.

दुसऱ्या दिवशी भोंगा शाळेत गेला. पट्टा, बिल्ला, इस्त्रीचा सदरा, सगळा सरकारी थाट. तो कचेरीच्या दारात उभा राहून म्हणाला, "पोरांच्या हाती झाडू देणं कायद्यानं गुन्हा आहे!" हे तो हळू म्हणाला, असं त्याचं अखेरपर्यंत मत होतं. तीन वर्गांतला फळ्यावरचा खडू थांबला.

मोठ्या बाईंनी चष्मा काढला, पुसला, घातला. "बसा. कुठल्या कायद्यानं?"

"कायद्यानं म्हणजे... कायद्यानं."

"वर्ग झाडणं, फळा पुसणं याला कायद्याची ना नाही. माहिती आहे ना? कोर्टात असता म्हणून विचारते."

भोंग्यानं बिल्ला सरळ केला.

"तुमची मुलगी घरी केर काढते का?"

"काढते की."

"मग तुमच्यावर खटला भरायचा का?"

"पण बाई, तिची बोटं..."

"उद्यापासून हातांना प्लॅस्टिकच्या पिशव्या बांधू. तुम्ही काळजी करू नका. आणि तिला जरा मोठ्यानं बोलायला शिकवा. तुमच्या घरी आवाजाची टंचाई असेल असं वाटत नाही."

भोंगा उठून आला. रस्त्यावर त्याला दहा उत्तरं सुचली, आणि सगळी चांगली होती. पण त्याचा जन्म हाक मारण्यात गेला होता. हाकेला समोरून उत्तर आलं की पुढं काय करायचं, ते त्याला कधी ठरवावंच लागलं नव्हतं. ते आतले लोक बघत.

म्हणून तो आतल्या माणसाकडे गेला. कोर्टात एक तरुण वकीलबाई नवीनच येऊ लागल्या होत्या. अशिलं कमी, उत्साह भरपूर. डगला त्यांच्या मापाचा नव्हता, थोरल्या भावाचा होता. भोंग्यानं टेबलावर चहा ठेवला आणि तिथंच उभा राहिला. वकीलबाईंनी सगळं ऐकून घेतलं.

"काका, तुम्ही चुकीच्या दारातून आत गेलात. झाडूशी कायद्याचं भांडण नाही. वर्ग झाडा, झाडांना पाणी घाला, सगळ्या मुलींनी मिळून, पाळीपाळीनं, बाई स्वतः बरोबर उभ्या राहून, तास न बुडवता. त्याला शिक्षणच म्हणतात. पण संडास नाही. ॲसिड तर नाहीच नाही. शिक्षा म्हणून नाही. निवडून काढलेल्या मुलींकडून नाही. आणि मुलगी नाही म्हणाली, तर त्यासाठी तिला वर्गाबाहेर काढता येत नाही. हे सगळं तुमच्या मुलीच्या बाजूनं आहे."

"मग जिंकलोच की आपण!"

"अजून एक आहे. मुलीचं म्हणणं ऐकून घेतलं पाहिजे, हाही तिचाच हक्क आहे. तुमचा नाही, तिचा. साहेब तिलाच विचारतील. बोलेल ना ती?"

"बोलेल म्हणजे? माझी मुलगी आहे ती!"

वकीलबाईंनी यावर चहाचा एक मोठा घोट घेतला. मग त्या स्वतः भोंग्याच्या घरी आल्या, चिमणीजवळ जमिनीवर बसल्या आणि आपला कान तिच्या तोंडापाशी नेला. पोर भडाभडा बोलली. पिशव्या बांधल्या तरी त्यांत ॲसिड शिरतं आणि मग ते आतच राहतं, हे त्यातून कळलं. वकीलबाई गेल्यावर चिमणी आईला म्हणाली, आणि आईनं भोंग्याला सांगितलं, "ती म्हणते, वकीलबाईंना ऐकू येतं."

भोंगा कोर्टाचाच माणूस, म्हणून अर्ज आईच्या नावे, मुलीसाठी, असा दाखल झाला. शाळेला नोटीस गेली. नोटिशीत म्हटलं होतं, निकाल लागेपर्यंत मुलींकडून संडास साफ करून घेऊ नयेत.

मोठ्या बाईंनी हुकूम अक्षरशः पाळला. मुलींनी साफ करायचे नाहीत, दुसरं माणूस नाही, घाणेरडे संडास आरोग्याला अपायकारक. तेव्हा त्यांनी संडासांना कुलूप लावलं. दारावर पाटी लावली: 'न्यायप्रविष्ट'.

आता सकाळी घरून निघालेली मुलगी दुपारी घरी परतेपर्यंत काय करणार? थोरल्या मुली शाळेला दांडी मारू लागल्या. धाकट्यांनी पाणी पिणं सोडलं. मधल्या सुट्टीत नळाला कोणी तोंड लावीना. डबा कोरडा गिळायचा आणि पाय आवळून बसायचं. एकीची वर्गातच फजिती झाली आणि बाकाखालचं ते तिनंच पुसलं. त्याला पाळी लागत नव्हती.

दोष कोणाचा? मोठ्या बाईंचा नव्हे. मोठ्या बाईंनी प्रार्थनेनंतर सांगितलंच होतं, "माझे हात बांधलेत मुलींनो. कोणी बांधले, ते तुम्हाला ठाऊक आहे." त्यानंतर चिमणीच्या बाकावर कोणी बसेना. फक्त एक बसायची, लांबलचक वेणीची, तिला सगळे वेणीच म्हणत. वेणीचं वाचन खणखणीत होतं. तिला कधी पाळी नव्हती. तरी ती पूर्वी सुट्टीत चिमणीच्या बोटांवर फुंकर घालायची. मग वेणीला ताप आला. पाणी न पिऊन, लघवी कोंडून कोंडून आतून दुखणं झालं, असं डॉक्टर म्हणाले आणि तिला दवाखान्यात ठेवलं.

चिमणीनं घरीसुद्धा पाणी पिणं सोडलं. आई पेला घेऊन मागं फिरायची. तिनंच एकदा विषय काढला.

"अहो, मागं घेऊ या का?"

"वेडी आहेस का? तारीख लागलीय!"

"तारीख लागली म्हणजे काय देव आला का? पोर सुकत चाललीय."

"अगं, कुलूपसुद्धा बेकायदाच आहे. वकीलबाई तेही सांगणार आहेत. एकदा ही साहेबांसमोर बोलली की कुलूप जातं, ॲसिड जातं, सगळं जातं. एकदा बोलू दे फक्त."

वकीलबाईंनी सगळं जुळवून आणलं होतं. साहेब जुने, समजूतदार. मुलीशी आपल्या खोलीत, डगला काढून, बिस्किटाचा डबा उघडून बोलेन असं त्यांनी मान्य केलं होतं. व्हरांड्यात गर्दी असणार. शाळेनं मुलींच्या आया आणल्या होत्या, आमची काही तक्रार नाही असं सांगायला. तेव्हा चिमणीला मागच्या दारानं आणायचं, सरळ साहेबांच्या खोलीत बसवायचं. मागच्या दाराची किल्ली भोंग्याकडे.

"काका, तारखेच्या दिवशी पुकाऱ्याला दुसरा माणूस द्या," वकीलबाई जाता जाता म्हणाल्या. "खरं तर आपल्याला पुकाराच नकोय."

भोंगा हो म्हणाला. त्या सकाळी तो मागच्या दाराशी गेलाही. किल्ली लावली. दाराबाहेर आई उभी, तिचा हात धरून चिमणी, केस चापूनचोपून बसवलेली, नवी रिबीन. मागचं दार म्हणजे कोठडीतले आरोपी आणायचं दार. तिथं कचऱ्याचे डबे, एक मोडकं कपाट आणि बाजूला कर्मचाऱ्यांचा संडास. भोंग्यानं दाराकडे पाहिलं, डब्यांकडे पाहिलं, पोरीकडे पाहिलं.

सगळ्या जगाला त्यानं पुढच्या दारानं आत सोडलं होतं. शेळीवाल्यांना, कर्जबुडव्यांना, खुन्यांना. खोटं बोलणाऱ्यांना तर रांगेनं. आणि स्वतःची लेक, जिचं काही चुकलेलं नाही, ती डब्यांच्या मधून चोरासारखी?

"चला," तो म्हणाला, "पुढून. व्हरांड्यात बसा. साक्षीदार बाहेर बसतो, पुकारा झाला की आत येतो. अशीच रीत आहे."

"अहो, पण वकीलबाई म्हणाल्या..."

"त्या नव्या आहेत."

आईनं त्याच्याकडे पाहिलं. तिला काय म्हणायचं होतं ते ती म्हणाली असती तर बरं झालं असतं. पण तीही एकदा त्याच व्हरांड्यातल्या हाकेवर मिरच्या टाकून धावत आलेली बाई होती. ती चिमणीला घेऊन पुढं गेली.

आत सगळे आपापल्या जागी बसले. साहेबांनी चष्म्यावरून पाहिलं. "मुलगी आली का?"

वकीलबाई उठल्या. "साहेब, माझ्या माहितीप्रमाणे ती आपल्या खोलीत..."

"पुकारा करतो, साहेब," असं म्हणून भोंगा दाराबाहेर पडलासुद्धा.

व्हरांडा भरला होता. आया बाकांवर बसल्या होत्या, काही भिंतीला टेकून. मधोमध मोठ्या बाई, ताठ. कोपऱ्यात वेणीची आई, दवाखान्यातून थेट आलेली, मांडीवर डब्याची पिशवी. आणि पार टोकाच्या खांबापाशी चिमणी, आईच्या मागं. त्या गर्दीत अजून कोणाचं तिच्याकडे लक्ष गेलेलं नव्हतं.

भोंग्यानं छातीत हवा भरली. इतकी वर्षं त्यानं दुनियेच्या लेकींना बापांच्या नावानं बोलावलं होतं, आणि आज पहिल्यांदा मधलं नाव त्याचं स्वतःचं होतं.

पहिली हाक अशी गेली की अर्ध्या मिशीच्या दिवसानंतर तसली कोणी ऐकली नव्हती. कबुतरं उडाली. व्हरांड्यातल्या सगळ्या माना एकदम वळल्या, आधी भोंग्याकडे, मग तो जिकडे बघत होता तिकडे. खांबाकडे.

"हीच ती," कोणीतरी म्हणालं.

"एवढीशी तर आहे. आणि केवढा ताप दिला!"

"बापानं शिकवलं असणार. ती कशाला बोलते?"

वेणीच्या आईनं नुसतं चिमणीकडे पाहिलं. चिमणीनं तिच्याकडे पाहिलं आणि ती खांबामागं सरकली.

भोंगा थांबला, नियमाप्रमाणे. मग दुसरी हाक. आई वाकून पोरीला काही सांगत होती. पोरीनं दोन्ही हातांनी खांब धरला. चुना लावलेल्या खांबावर सुटलेल्या कातडीची ती बोटं भोंग्याला एवढ्या लांबूनही दिसली.

तिसरी हाक त्यानं सुरू केली. तिचं नाव. आपलं नाव. आडनाव, आणि आडनावाचं शेवटचं अक्षर त्यानं धरून ठेवलं. म्हाताऱ्यांसाठी धरत असे तसं. व्हरांडा काही पावलांचा होता. लहान मुलगी पळत आली असती तर त्या अक्षराच्या पहिल्या टोकालाच पोचली असती. त्यानं ते ताणलं, दमेकऱ्यासाठी ताणलं होतं त्याहून ताणलं. आवाज चिरला, खाली आला, तरी सोडलं नाही. शेवटी शेवटी नुसताच श्वास होता. ओठ हलत होते आणि ऐकू काही येत नव्हतं.

"झाला का पुकारा?" आतून साहेबांनी विचारलं. "ऐकू आलं नाही."

मोठ्या बाईंनी मान खाली घालून आपला चष्मा पुसला.

भोंगा आत गेला. मान तुकवली. वकीलबाई त्याच्याकडे बघत होत्या. त्यानं त्यांच्याकडे पाहिलं नाही. जन्मभर न अडखळता म्हटलेले तीन शब्द होते ते.

"कोणी... हजर नाही."

वकीलबाई धावत बाहेर गेल्या, खांबाशी गुडघे टेकून बसल्या, कान पुढं केला. बराच वेळ बसल्या. परत आल्या त्या हळूहळू. मुलगी बाहेर आहे, पण आज बोलायच्या मनःस्थितीत नाही, पुढची तारीख मिळावी, असं त्यांनी सांगितलं. शाळेचे वकील उठले. म्हणाले, मुलीची तक्रारच नाही साहेब, तक्रार वडिलांची आहे, आणि वडिलांचा आवाज आपण सगळे ओळखतो. यावर थोडं हसू झालं. साहेब हसले नाहीत. त्यांनी आईला आत बोलावून विचारलं.

"मुलगी काय म्हणते?"

दुभाष्याचं काम आईनं शेवटचं केलं. "ती म्हणते, मला काही सांगायचं नाही. कुलूप काढा म्हणते."

साहेबांनी लेखणी उचलली. मुलीची तक्रार नसल्याने अर्ज निकाली. कुलूप मात्र उद्या सकाळपर्यंत काढलं पाहिजे. शाळेचे वकील म्हणाले, अवश्य. मुली सेवा स्वखुशीनं करतात एवढं नमूद व्हावं. ते नमूद झालं.

वकीलबाईंनी कागद गोळा केले. भोंगा त्यांच्यासमोर जाऊन उभा राहिला, चहा न घेता.

"पुन्हा अर्ज करता येईल ना?"

"येईल, काका. ती म्हणाली तर."

संध्याकाळी तिघं चालत घरी निघाली. बाजारातून जाताना भाजीवाल्यानं विचारलं, "भोंगा, आज काय झालं? तिसरी हाक आमच्यापर्यंत आलीच नाही!" भोंग्यानं हात हलवला. घसा बसला होता.

गल्लीच्या टोकाशी चिमणीनं त्याचा सदरा ओढला. तो वाकला. इतकी वर्षं तिनंच आवाज चढवावा म्हणून तो गल्लीच्या दुसऱ्या टोकाला जाऊन उभा राहात आला होता. वाकून कान तिच्या तोंडापाशी न्यायचं त्याला आजवर कोणी सांगितलं नव्हतं, आणि त्याला सुचलंही नव्हतं.

"बाबा, मला पहिल्याच हाकेला ऐकू आलं होतं."

"मग गं?"

"सगळ्यांनाच आलं."

दुसऱ्या दिवशी सकाळी शाळेनं कुलूप काढलं. वाचनाच्या तासाला पाळी चिमणीची होती.